अमेरिकन स्वातंत्र्याचा सावकार

स्वातंत्र्य रणांगणावर मिळतें असें आपण म्हणतों. परंतु शिपायाच्या पोटांत भाकरी कोणी घातली आणि दारूगोळ्याचे पैसे कोणी चुकते केले, हा प्रश्न इतिहास वाचतांना सहसा कोणी विचारीत नाहीं. अमेरिकेच्या बाबतींत तो विचारला, तर रॉबर्ट मॉरिस या व्यापाऱ्याचें नांव पुढें येतें.

मॉरिस जन्मानें इंग्रज. १७३४ सालीं लिव्हरपूल येथें त्याचा जन्म झाला. लहानपणींच तो अमेरिकेंत वडिलांकडे आला आणि फिलाडेल्फियांतील विलिंग यांच्या पेढीवर उमेदवारी करूं लागला. १७५० सालीं वडील वारले. तथापि धंद्यांत त्यानें अशी चुणूक दाखविली कीं, १७५७ सालीं तो त्याच व्यवसायांत भागीदार झाला. या व्यापारांत गुलामांची विक्रीहि होती, हें सांगितल्यावांचून त्याचें चित्र पुरें होत नाहीं.

२ जुलै १७७६ रोजीं स्वातंत्र्याच्या ठरावावर मतें पडलीं, तेव्हां काँग्रेसचा हा सभासद बाजूस राहिला. फारकतीची वेळ आली नाहीं असें त्याला वाटे. परंतु ठराव मंजूर झाल्यावर त्यानें जाहीरनाम्यावर सही केली. पुढें राज्यसंघाचा करारनामा आणि १७८७ ची राज्यघटना यांवरहि त्याची सही झाली. या तिन्ही कागदांवर सही करणारे पुरुष दोनच. दुसरा रॉजर शेरमन.

१७८१ सालीं काँग्रेसनें त्यास खजिन्याचा मुख्य अधिकारी नेमलें. खजिना रिकामा, कर बसविण्याचा अधिकार नाहीं, आणि कागदी चलनास कोणी विचारीना! वॉशिंग्टनचें सैन्य यॉर्कटाउनकडे निघालें, तेव्हां मॉरिसनें स्वतःच्या सहीच्या चिठ्ठ्या काढून रसद जमविली. सरकारच्या नोटेपेक्षां लोकांना त्याच्या सहीचा भरंवसा अधिक वाटे. शिपायांनीं रोख पगार मागितला, तेव्हां फ्रेंचांच्या खजिन्यांतून सुमारें २०,००० डॉलर उसने मिळविले. १९ ऑक्टोबर रोजीं इंग्रज सेना शरण आली. १७८२ च्या जानेवारींत त्याच्याच खटपटीनें 'बँक ऑफ नॉर्थ अमेरिका' उघडली.

१७८९ पासून १७९५ पर्यंत मॉरिस सिनेटचा सभासद होता. याच काळांत जमिनीच्या सट्ट्यानें त्यास पछाडलें. १७९५ सालीं दोन भागीदारांसह त्यानें साठ लाख एकरांची कंपनी काढली. सारी भिस्त युरोपांतील गिऱ्हाइकांवर; पण तेथें युद्ध पेटलेलें, पैसा येईना. कर्ज तीस लाख डॉलरांच्या घरांत गेलें. फेब्रुवारी १७९८ मध्यें राष्ट्राचा हा सावकार कर्जदारांच्या तुरुंगांत जाऊन बसला. त्याच वर्षीं वॉशिंग्टननें त्या तुरुंगांत जाऊन त्याच्या पंक्तीला भोजन केलें. १८०० सालच्या नव्या दिवाळखोरीच्या कायद्यामुळें पुढील वर्षीं त्याची सुटका झाली आणि १८०६ सालीं तो निवर्तला.

राष्ट्रानें त्याच्याशीं कृतघ्नपणा केला, असें कांहींजण म्हणतात. मला तें पुरतें पटत नाहीं. यॉर्कटाउनच्या वेळीं त्याच्या सहीमागें तीस वर्षांचा चोख व्यवहार उभा होता. जमिनींच्या सौद्यामागें केवळ उद्यांची आशा होती. सही तीच, हात तोच. पत ही मिळविलेली पुंजी आहे तोंवर राष्ट्रासहि तारते. तीच डावावर लावली कीं धन्यासहि बुडविते. मॉरिसच्या चरित्राचा हा जमाखर्च प्रत्येक गृहस्थानें एकदां तरी ताडून पाहावा.