लेखी आदेशाची अट : मुंबई दारूबंदी अधिनियम, १९४९ च्या कलम १४२ चा ऐतिहासिक विचार

प्रस्तावना :
परवानाधारक मद्यविक्रीचे दुकान अधिकाऱ्याने केवळ तोंडी सांगून बंद करावे काय, हा प्रश्न वरकरणी क्षुल्लक वाटतो. मद्यविक्रेत्याविषयी समाजास सहानुभूती नसते. परंतु म्हणूनच प्रशासनाच्या अधिकारमर्यादेची खरी कसोटी येथे लागते.

पार्श्वभूमी :
मुंबई इलाख्यात १८७८ च्या अबकारी कायद्याने मद्यविक्री परवाना व महसूल यांच्या चौकटीत आणली. १९४९ च्या अधिनियमाने धोरण दारूबंदीकडे वळविले. कालांतराने बंदी शिथिल झाली, कायदा मात्र कायम राहिला. परिणामी ज्या अधिनियमाच्या नावातच दारूबंदी आहे, त्याच्याच आधारे महाराष्ट्रात विक्रीचे परवाने दिले जातात.

कलम १४२ चे स्वरूप :
सार्वजनिक शांततेच्या हितासाठी दुकान बंद ठेवणे आवश्यक आहे असे जिल्हाधिकाऱ्यांचे मत झाल्यास, ते परवानाधारकास लेखी आदेशाद्वारे तसे फर्मावू शकतात. बंदची वेळ वा कालावधी आदेशात नमूद असावा लागतो. दंगल किंवा बेकायदेशीर जमाव प्रत्यक्ष घडत असेल अथवा अगदी नजीक असेल, तर उपस्थित कार्यकारी दंडाधिकारी वा पोलीस अधिकारी तेथेच दुकान बंद करण्याचा निर्देश देऊ शकतात. या दुसऱ्या तरतुदीत लेखी आदेशाचा उल्लेख नाही. म्हणजेच तातडीचा अपवाद कायद्याने स्वतःच आखून दिला आहे. अन्य प्रसंगी तो वापरता येत नाही. परवाना निलंबित वा रद्द करण्याचा कलम ५४ खालील अधिकारही परवाना देणाऱ्या प्राधिकाऱ्याचा असून, त्याची कारणे लेखी नोंदवावी लागतात.

न्यायालयीन दृष्टिकोन :
मद्यव्यापार हा मूलभूत हक्क नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने हरशंकर प्रकरणात (१९७५) स्पष्ट केले. तथापि हक्क मूलभूत नसला, तरी परवाना देणारे शासन स्वतःच्या कायद्याने बांधलेलेच असते. मोहिंदरसिंग गिल प्रकरणात (१९७७) न्यायालयाने असे तत्त्व मांडले की, वैधानिक आदेशाची वैधता त्यात नमूद कारणांवरूनच तपासली जाते. मागाहून प्रतिज्ञापत्राद्वारे नवी कारणे जोडता येत नाहीत. तोंडी आदेशात तर तपासण्याजोगे कारणच उरत नाही.

सामाजिक अन्वयार्थ :
लेखी आदेशाचा लाभ केवळ विक्रेत्यास होतो, हा समज अपुरा आहे. २००८ च्या आदेशानुसार महाराष्ट्रातील महिला व मतदारांना गुप्त मतदानाद्वारे दुकान बंद करविण्याचा मार्ग उपलब्ध झाला. त्यात मागणी, पडताळणी, मतदान व निर्णय या प्रत्येक टप्प्याची नोंद होते. अशी बंदी आव्हान दिले गेले तरी समर्थनीय ठरू शकते. उलट, तोंडी बंद झालेले दुकान तोंडीच पुन्हा उघडते आणि त्याचा जाब कोणास विचारावा हे तक्रारदार महिलांनाही कळत नाही.

निष्कर्ष :
लेखी असणे म्हणजे आपोआप वैध असणे नव्हे. अधिकार, कारण व कालावधी हेही त्यात दिसले पाहिजेत. परंतु लेखी आदेशाशिवाय या तिन्हींची तपासणीच अशक्य होते. दारूबंदीचा उद्देश कितीही उदात्त असला तरी तो कायद्याच्या मार्गानेच साधला पाहिजे, हाच कलम १४२ चा ऐतिहासिक बोध होय.