हरिणाक्षी लिहिणारी हायदे

आज आपण उत्तर आफ्रिकेतल्या ट्युनिशिया देशात जाऊ. शंभर वर्षांपूर्वी तिथे फ्रेंचांचा अंमल होता. सिनेमावाले बाहेरून यायचे आणि वाळवंट, उंट, बाजार टिपून निघून जायचे. त्यांच्या चित्रांत तिथली माणसं बहुतेक वेळा मागच्या गर्दीतच दिसायची. अशा काळात ट्युनिस शहरातली एक मुलगी पडद्यावर पुढे आली. तिचं नाव हायदे चिकली.

हायदेचा जन्म १९०६ चा. वडील अल्बेर समामा चिकली ट्युनिसचे ज्यू, आई इटालियन. वडिलांना नव्या यंत्रांचं आणि कॅमेऱ्याचं भारी वेड. १९२२ मध्ये त्यांनी ‘झोहरा’ हा छोटा मूकपट काढला. जहाज फुटून किनाऱ्याला लागलेल्या आणि बेदुइन लोकांनी सांभाळलेल्या फ्रेंच मुलीची ती गोष्ट. त्यात झोहरा झाली हायदेच.

दोन वर्षांनी आला ‘ऐन अल् गझल’. या शब्दांचा अर्थ हरणाचा डोळा; आपण हरिणाक्षी म्हणू. याची कथा हायदेने स्वतः लिहिली आणि नायिकाही तीच झाली. कथेतल्या मुलीचं एका शिक्षकावर प्रेम असतं, पण बाप तिचं लग्न दुसरीकडे ठरवतो. शेवट दुःखाचा आहे. मुलीच्या मनाविरुद्ध लावलेलं लग्न किती घरं उद्ध्वस्त करतं, हे एका विशीच्या आतल्या मुलीने १९२४ मध्ये मांडलं, हे लक्षात घ्या.

त्याच सुमारास रेक्स इनग्राम हे हॉलिवूडचे दिग्दर्शक ‘द अरब’च्या चित्रीकरणासाठी ट्युनिशियात आले. त्यांनी हायदेला छोटी भूमिका दिली आणि अमेरिकेला येण्याबद्दल विचारलं. वडील नाही म्हणाले. ज्या वडिलांनी लेकीला कॅमेऱ्यासमोर उभं केलं, त्यांनीच तिची पुढची वाट अडवली. मुलगी परक्या मुलखात एकटी, ही काळजी खोटी नव्हती. पण निर्णय तिचा नव्हता, हेही तितकंच खरं.

पुढे लग्नानंतर ती हायदे तम्झाली झाली. तिने समाजकार्य केलं, ट्युनिशियाच्या स्वयंपाकावर पुस्तक लिहिलं. १९९२ मध्ये तिच्या आठवणींचं पुस्तक आलं. १९९६ मध्ये, नव्वदीला टेकलेली असताना, ती ट्युनिशियाच्याच एका चित्रपटात पुन्हा दिसली. १९९८ मध्ये ती गेली.

मैत्रिणींनो, आपल्या गटातही कर्जाच्या कागदावर सही बाईची असते. पैसा कुठे लावायचा हे मात्र पुष्कळदा घरातला दुसराच कुणी ठरवतो. काम करायला मिळालं म्हणजे ठरवायलाही मिळालं, असं नाही. पुढच्या बैठकीत हप्ते गोळा झाले की वही मिटण्याआधी एकमेकींना एवढंच विचारा: सही तुझी, पण ठरवलं कुणी?