अहल्या (लघुपट)

सुजॉय घोष लिखित-दिग्दर्शित बंगाली लघुपट. लांबी सुमारे १४ मिनिटे. जुलै २०१५ मध्ये यूट्यूबवर प्रदर्शित. प्रमुख भूमिका : सौमित्र चटर्जी, राधिका आपटे, टोटा रॉयचौधरी. यातील गुन्हा पोलिसांच्या ध्यानी येत नाही; तपासाला आलेला अधिकारीच त्याचा बळी ठरतो.

कथानक : बेपत्ता झालेल्या अर्जुन या तरुणाच्या शोधात पोलीस अधिकारी इंद्र सेन वृद्ध कलावंत गौतम साधू यांच्या घरी येतो. दार उघडणारी अहल्या त्याला गौतम यांची मुलगी वाटते. ती निघते पत्नी. दिवाणखान्यात हुबेहूब माणसांसारख्या बाहुल्या मांडलेल्या असतात आणि त्यांतली एक थेट अर्जुनसारखी दिसते. बाहुली मध्येच खाली पडते, तेव्हा अहल्या ती सहजपणे उचलून जागेवर ठेवते. जवळचा एक दगड हाती धरणाऱ्याला हवे त्याचे रूप घेता येते, असे गौतम सांगतात. इंद्रचा विश्वास बसत नाही. मात्र दगड घेऊन वरच्या मजल्यावर गेल्यावर आरशात त्याला स्वतःऐवजी गौतम दिसतात आणि अहल्याही त्याला पतीच समजते. तो मोहात पडतो आणि स्वतःच बाहुली होऊन बसतो. त्याचा आक्रोश बाहेर कोणाला ऐकू येत नाही.

पुराणकथेशी नाते : प्रचलित कथेत इंद्र गौतम ऋषींच्या रूपाने येतो आणि शापामुळे शिळा होते ती अहल्या. येथे ही शिक्षा इंद्राच्या वाट्याला येते, अहल्या मोकळी राहते. उद्धारासाठी रामही येत नाही.

मांडणी : पुरावा कुठेही दडवलेला नाही, तो पाहुण्याच्या नजरेसमोरच आहे. इंद्रचे लक्ष अहल्येकडे लागलेले असल्याने बाहुल्या त्याच्या लेखी केवळ शोभेच्या वस्तू उरतात.

कलावंत : सौमित्र चटर्जी यांनी सत्यजित राय यांच्या ‘सोनार केल्ला’ (१९७४) व ‘जय बाबा फेलुनाथ’ (१९७९) या चित्रपटांत गुप्तहेर फेलूदा साकारला होता, पुढे २०२० मध्ये एका वेबमालिकेत टोटा रॉयचौधरी फेलूदा झाले. पुण्याच्या रंगभूमीवरून आलेल्या राधिका आपटे यांनी ‘तुकाराम’ (२०१२), ‘लय भारी’ (२०१४) हे मराठी चित्रपट केले आहेत.

प्रतिसाद : लघुपट समाजमाध्यमांवर गाजला. माणसांच्या बाहुल्या होण्याच्या कल्पनेमुळे राय यांच्या एका प्रोफेसर शंकू कथेशी त्याचे साम्य दाखवले गेले. घोष यांनी पुढे राय यांच्याच कथेवर ‘अनुकूल’ (२०१७) हा लघुपट केला.