बर्लिनच्या फितीतली अमरावती

१९३६ साली बर्लिनला ऑलिंपिक भरले, तेव्हा अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचे खेळाडू तिथे गेले होते. कबड्डी, म्हणजे आपला हुतुतू, त्यांनी परक्या प्रेक्षकांना खेळून दाखवला. समजा, उद्या कोणी या मंडळावर चित्रपट काढायला घेतला आणि म्हणाला, ‘मला तो खेळ प्रत्यक्ष दाखवायचा आहे,’ तर? मग एका माणसाला गाठावे लागते. जुन्या चित्रफिती हुडकून काढणे हाच त्याचा व्यवसाय.

तो आधी नावे जमवतो. सूचीत ‘वऱ्हाड’ शोधाल तर हाती काही लागायचे नाही. इंग्रजी अमदानीत आपला मुलूख कागदोपत्री ‘बेरार’ होता आणि अमरावतीचे ‘अमराओती’ झाले होते. बर्लिनच्या छायालेखकाला तर तेही ठाऊक असण्याचे कारण नव्हते. त्याच्या लेखी सगळे नुसते हिंदी लोक. तेव्हा आपली माणसे ओळखायची ती पोशाखावरून, खेळावरून, घरात टांगलेल्या जुन्या फोटोंतल्या चेहऱ्यांवरून. इथे संशोधकाची विद्या अपुरी पडते. गावातला म्हाताराच लागतो.

लेनी रीफेनश्टाल या बाईंचा ‘ओलिंपिया’ १९३८ साली पडद्यावर आला. त्यासाठी सुमारे चार लाख मीटर फीत खर्ची पडली. चित्रपटात आला तो तिचा लहानसा अंश. पैसा हिटलरच्या सरकारचा होता, बरं का. कॅमेरा कुणाच्या पैशाने फिरला, हे संशोधकाने विचारायचेच असते.

आपल्याकडे निराळीच अडचण. जुनी नायट्रेटची फीत भडकन पेटते. जानेवारी २००३ मध्ये पुण्याला लागलेल्या आगीत कितीतरी जुने चित्रपट गेले. नंतरची ॲसिटेटची फीत तशी पेटत नाही, ती कुजते. अकोल्यात एका निवृत्त गुरुजींनी मला असा डबा दाखवला होता. झाकण काढले तर आंबूस वास, आणि फितीचा चिकटून गोळा झालेला. डब्यावर शाईने लिहिलेले ‘मेळावा’. साल नाही, गाव नाही. वरची हातभर फीत उजेडासमोर धरली, तर ओळीने बसलेली मुले दिसली. कोणती शाळा, हे सांगणारे कोणी उरले नव्हते.

तुमच्या शाळेच्या कपाटात असा डबा असेल, तर तो उन्हात ठेवू नका आणि घाईने यंत्रावरही चढवू नका. थंड, कोरड्या जागी राहू द्या. पुण्याला १९६४ साली स्थापन झालेले राष्ट्रीय फिल्म संग्रहालय आहे, तिथे पत्र घाला. आणि उत्तर येईतो गावातल्या जाणत्यांना विचारून साल, प्रसंग, माणसांची नावे एका वेगळ्या कागदावर लिहून काढा.