खाऱ्या विहिरी आणि दांडीचा समुद्र

१९३० सालच्या मिठाच्या सत्याग्रहावर चित्रपट निघाला कीं त्यांत समुद्र आलाच. भराभर पावलें टाकणारे गांधीजी, मागोमाग सत्याग्रहींची रांग आणि शेवटीं दांडीचा किनारा, ही चित्रमाला इतकी परिचित झाली आहे कीं मिठाचा सत्याग्रह म्हणजे तेवढाच, असें वाचकांसही वाटत असेल. वऱ्हाडच्या वांट्याला मात्र समुद्र आला नव्हता. पूर्णेच्या खोऱ्यांतील खारपाणपट्टा अमरावती, अकोला व बुलढाणा या जिल्ह्यांतून पसरला आहे. तेथील पुष्कळ विहिरींचें पाणी खारट. त्या वर्षीं एप्रिलांत अकोला जिल्ह्यांतील दहीहांडा येथें असल्याच पाण्याचें मीठ करून कायदा मोडण्यांत आला. ज्या पाण्याला पिढ्यान् पिढ्या नांवें ठेवलीं, तेंच कामास आलें!

दांडीयात्रेचीं चित्रें मुंबईच्या शारदा, कृष्णा इत्यादि कंपन्यांनीं घेतलीं व मुंबई सरकारनें त्यांवर बंदी घातली. त्या मूक फितींवर आज लाटांचा घोष ऐकूं आला, तर तो मागाहून चढविलेला समजावा. मूकपट साधारणतः सेकंदास १६ चित्रांच्या वेगानें घेत. बोलपटाचें यंत्र २४ दाखवितें. म्हणून जुनी फीत तशीच चालविली तर माणसें दीडपट वेगानें धांवतात. गांधीजी मुळांतच झपाट्यानें चालत. त्यांत ही भर! दर दोन चित्रांमागें एक पुन्हां छापलें कीं चाल ताळ्यावर येते. ही दुरुस्ती मला मान्य आहे. तिच्यामुळें घडलें तेंच दिसूं लागतें.

परंतु वीर वामनराव जोशी, ब्रिजलाल बियाणी यांचीं नांवें उच्चारीत कोणी वऱ्हाडच्या चळवळीच्या जागीं दांडीच्या लाटा दाखवील, तर ती फसवणूक होय. हेतु चांगला असेल. पडदा रिकामा ठेवावा कसा, ही अडचणही खरी. पण नट दिसला कीं प्रेक्षक नाटक समजतो. रेघा पडलेली फीत दिसली कीं तिला साक्ष मानून तो मान डोलावतो. त्याच्या या विश्वासावर दुसऱ्या गांवचें चित्र खपवूं नये. त्यापेक्षां खारपाणपट्ट्यांतील एखादी विहीर आज चित्रित करावी, खालीं आजचें साल स्पष्ट लिहावें आणि दहीहांड्याची हकीकत शब्दांनीं सांगावी.

त्याच वर्षीं १० जुलै रोजीं लोकनायक अण्यांनीं पुसदला राखीव जंगलांतील गवत कापून कायदा मोडला. तेथें कोणता समुद्र दाखविणार?