मोरीचा दावा

माळव्यातील रतलाम हे शहर आपणांपैकी बहुतेकांस रेल्वेचे मोठे जंक्शन म्हणून आणि तिखट शेवेसाठी ठाऊक असते. परंतु नागरी हक्कांच्या इतिहासात त्याचे नाव राहिले, ते तेथील एका दुर्गंधीच्या मोरीमुळे.

न्यू रोड हा तेथील रस्ता. घरे उभी राहिली, पण सांडपाणी वाहून नेणारी गटारे झाली नाहीत. मद्यार्काच्या कारखान्यातून येणारे घाण पाणी रस्त्यावर येई. शेजारच्या झोपडपट्टीतील लोकांना शौचकूप नव्हते, म्हणून तेही उघड्यावरच बसत. डासांना मात्र कशाची उणीव नव्हती. अखेर १९७२ साली रहिवाशांनी दंडाधिकाऱ्याकडे फिर्याद केली. त्यासाठी त्यांना नवा कायदा शोधावा लागला नाही. सार्वजनिक उपद्रव दूर करविणारे फौजदारी प्रक्रिया संहितेचे १३३ वे कलम इंग्रजी अमदानीपासून पुस्तकात पडून होते. तेच त्यांनी उघडले.

दंडाधिकाऱ्याने नगरपालिकेस सहा महिन्यांत योजना आखण्याचा हुकूम दिला. सत्र न्यायालयाने तो फिरविला, उच्च न्यायालयाने पुन्हा उचलून धरला आणि नगरपालिका थेट सर्वोच्च न्यायालयात गेली. तिचे म्हणणे दुहेरी होते. एक, तिजोरीत पैसा नाही. दुसरे, हे लोक डोळे उघडे ठेवून, आपखुशीने तेथे राहावयास गेले. आता तक्रार कसली?

२९ जुलै १९८० रोजी न्यायमूर्ती कृष्णा अय्यर व चिन्नप्पा रेड्डी यांनी ही दोन्ही म्हणणी फेटाळली. कायद्याने सोपविलेले कर्तव्य दारिद्र्याच्या सबबीखाली टाळता येत नाही, हा त्या निकालाचा गाभा. न्यायासन एवढ्यावर थांबले नाही. कारखान्याचे पाणी अडवा, स्त्रीपुरुषांसाठी वेगळे शौचकूप बांधा, तेथे पाणी व सकाळ-संध्याकाळ सफाई ठेवा, डबकी बुजवा, असे घरच्या कर्त्या माणसाने सांगावे तसे त्याने सांगितले. एकट्यादुकट्याच्या हक्कापलीकडे जाऊन समाजाच्या हितासाठी न्यायालयाचे दार उघडावे, हा विचारही या निकालात स्पष्ट आला. पुढे जनहित याचिका म्हणून जी वाट रुळली, तिच्या आरंभीच्या खुणांपैकी ही एक होय.

रतलामात ‘आपखुशीने आलात’ असे म्हटले गेले; मुंबईत ‘बेकायदा आलात’ असे म्हटले गेले. ठराविक तारखेनंतर उभ्या राहिलेल्या झोपड्यांस नळ नाकारण्याचे धोरण तेथे होते. त्याविरुद्ध पाणी हक्क समितीने २०१२ साली मुंबई उच्च न्यायालयात जनहित याचिका केली. १५ डिसेंबर २०१४ च्या निकालाने पाण्याचा हक्क हा घटनेच्या २१ व्या कलमातील जगण्याच्या हक्काचाच भाग ठरविला. न्यायालयाने बेकायदा बांधकामास मान्यता दिली नाही. इतरांच्या बरोबरीने पाणी द्या, असेही म्हटले नाही. दर चढा ठेवण्यास वाव दिला. परंतु पाणीच द्यावयाचे नाही, हे चालणार नाही, असे बजावले. घर पाडावयाचे की ठेवावयाचे, हा वाद वेगळा; त्यात राहणाऱ्या माणसाची तहान वेगळी.

तथापि निकालाने नळाला पाणी येत नाही. रतलामात फिर्यादीपासून अंतिम निकालापर्यंत आठ वर्षे गेली. त्या साली जन्मलेले मूल तोवर शाळेत जाऊ लागले असेल, आणि जाण्याची वाट त्याच मोरीकाठची. मुंबईत ‘सर्वांसाठी पाणी’ हे धोरण जाहीर होण्यास मे २०२२ उजाडला. न्यायाधीश हुकूम देतो. खोदकाम नगरपालिकेचे, आणि ते झाले की नाही हे पाहात राहणे नागरिकांचे.

१ जुलै २०२४ पासून जुनी संहिता जाऊन नवी आली. १३३ वे कलम आता १५२ वे झाले आहे. क्रमांक बदलला तरी त्यातील सामर्थ्य तेच आहे. आपल्या गल्लीतील तुंबलेल्या मोरीवरून नाकाला रुमाल लावून जाताना आपण नशिबाला बोल लावतो. रतलामच्या त्या रहिवाशांनी तो लावला नाही, एवढेच आम्हांस सांगावयाचे आहे.