दिवाळीची पोस्त: हक्क की मर्जी?

ॲपवर जेवण मागवलं की टीपचं बटण येतं. द्यायची की नाही, आपली मर्जी. आमच्या कोथरूडात दिवाळीला वॉचमन, पोस्टमन, कचरा नेणाऱ्या ताई यांना पैसे देतात, त्याला जुनी माणसं ‘पोस्त’ म्हणतात. तीही मर्जीचीच.

आता जरा मागे जाऊ. गावगाड्यात बलुतेदार वर्षभर राबायचे आणि सुगीला खळ्यावर धान्याचा वाटा घ्यायचे. म्हणायला तो हक्क, पण पदरात किती पडणार हे देणाऱ्याच्या हातात. महार वतनदारांना तर सरकारी कामंही करावी लागायची, रात्री-अपरात्री, आणि पोटासाठी मात्र गावाकडे बघायचं. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९२८ साली मुंबईच्या कायदेमंडळात वतन कायदा बदलण्यासाठी विधेयक मांडलं. मुद्दा सरळ होता: काम सरकारचं, तर मोबदलाही ठरलेला हवा, गावाच्या मर्जीवर नको. ते विधेयक तेव्हा पास झालं नाही. ही वतनं रद्द करणारा कायदा यायला १९५८ साल उजाडलं.

आज पुण्यात ‘स्वच्छ’ ही कचरावेचकांची स्वतःची सहकारी संस्था आहे. घरोघरचा कचरा नेण्याचं महिन्याचं शुल्क ठरलेलं असतं. पोस्त त्याच्यावर, त्याच्याऐवजी नाही. फरक नेमका इथेच आहे.

म्हणून टीप द्या, पोस्तही खुशाल द्या. पण कुणाचा पगारच टीपवर चालत असेल, तर आपण त्याला परत खळ्यावर उभं केलंय. विचार करा. भेटू पुढच्या भागात!